विजापूरला शनिवार-रविवार: गोलघुमटाच्या पलीकडचं शहर बघायचं असेल तर

आपल्याकडे विजापूर म्हणजे एकतर शाळेची सहल, नाहीतर पंढरपूर-अक्कलकोट-तुळजापूर करून अर्धा दिवस उरला म्हणून गाडी तिकडे वळवलेली. गोलघुमटासमोर गाडी लागते, सगळे आत जाऊन घसा फाडून ओरडतात, आवाज परत येतो, बाहेर येऊन पेरू नाहीतर काकडी तिखटमीठ लावून खायची, ग्रुप फोटो आणि चला. मग लोक सांगतात की विजापूरला एकच गोष्ट आहे बघायला. अहो, १४९० च्या सुमारापासून १६८६ पर्यंत, म्हणजे जवळजवळ दोनशे वर्षं जे शहर दख्खनच्या एका बलाढ्य राज्याची राजधानी होतं, जिथल्या दरबारात शहाजीराजे सरदार होते आणि जिथून अफझलखान निघाला, तिथे एकच गोष्ट कशी असेल?

दोन दिवस आणि एक मुक्काम पुरतो. पण नुसते दोन दिवस काढून उपयोग नाही, कारण इथलं सगळं गणित कुठली इमारत किती वाजता बघायची ह्यावर आहे. तीच जागा सकाळी सातला स्वर्ग आणि दुपारी बाराला शिक्षा असं इथे अक्षरशः होतं. म्हणून पहिल्यांदाच जाणाऱ्यांसाठी हे जरा सविस्तर लिहितोय, शुक्रवार रात्र ते सोमवार पहाट असं धरून.

आधी तारीख ठरवा, मग बाकी सगळं

नोव्हेंबर ते फेब्रुवारी, विषय संपला. मार्चच्या शेवटापासून ऊन असं काही तापतं की दगडी फरशीवर पाय ठेववत नाही, आणि इथे बऱ्याच ठिकाणी चपला बाहेर काढाव्या लागतात हे लक्षात घ्या. एप्रिल-मे मध्ये पारा चाळीशी पार करतो, त्यामुळे उन्हाळ्याच्या सुट्टीत पोरांना घेऊन जायचा बेत असेल तर सरळ रद्द करा. पावसाळा मात्र लोक उगाच टाळतात असं मला वाटतं, हा कमी पावसाचा भाग आहे, ऑगस्ट-सप्टेंबरात ढगाळ हवा असते, गवत हिरवं असतं आणि गर्दी जवळजवळ नसते. छत्री आणि ग्रिप असलेले बूट घ्या म्हणजे झालं.

एक तारीख मात्र बघून घ्या, संक्रांत. विजापुरात सिद्धेश्वराची जत्रा असते आणि सोलापुरातही त्याच वेळी सिद्धेश्वराची गड्ड्याची यात्रा असते, म्हणजे राहायला दोन्हीकडे मारामारी. जत्राच बघायची असेल तर जरूर जा, पण मग रूम आधी बुक करा. डिसेंबर-जानेवारीत शाळांच्या सहली असतात, त्यावर उपाय पुढे सांगतो.

पोचायचं कसं

बुकिंगच्या आधी एक गोष्ट. २०१४ मध्ये शहराचं अधिकृत नाव विजयपुरा झालं, त्यामुळे रेल्वेच्या आणि हॉटेलांच्या ॲपवर विजयपुरा शोधा. नुसतं बिजापूर टाकलं तर कधीकधी छत्तीसगडमधलं बिजापूर पुढे येतं, आणि बंगळुरूजवळही एक विजयपुरा आहे. राज्य आणि जिल्हा बघितल्याशिवाय पैसे भरू नका.

मुंबईहून रात्री सुटणारी, पुणे-सोलापूर करत गदगकडे जाणारी एक्सप्रेस थेट विजापूरला सकाळी सोडते. हीच सगळ्यात सोयीची, झोपून जायचं आणि उठल्यावर विजापूर. पुणेकरांना ती मध्यरात्रीच्या आसपास मिळते, म्हणजे झोपेचं खोबरं, पण एक रात्र चालतंय. वेळापत्रक अधूनमधून बदलतं म्हणून तिकीट काढताना पोचायची वेळ नीट बघा. शुक्र-रविवारच्या स्लीपर-थर्ड एसी जागा लवकर भरतात, त्यामुळे महिनाभर आधी तरी तिकीट काढून ठेवा.

हे नाही जमलं तर सोलापूरमार्गे. शुक्रवारी मुंबईहून दुपारी चारच्या सुमारास सुटणारी वंदे भारत नाहीतर पुण्याहून संध्याकाळची हुतात्मा पकडा, दोन्ही रात्री अकराच्या आत सोलापुरात सोडतात. रात्र सोलापुरात काढा आणि शनिवारी उजाडताच स्टँडवर जाऊन विजापूरची बस पकडा. साधारण शंभर किलोमीटर, दोन-अडीच तास, कर्नाटकच्या बसगाड्या ठरावीक अंतराने असतात आणि एसटीही असते. टाकळीजवळ भीमा ओलांडली की कर्नाटक सुरू, मग दुतर्फा ज्वारी, तूर, द्राक्षबागा आणि लिंबाच्या बागा (इंडी तालुक्याच्या लिंबाला जीआय टॅग आहे, परत येताना घ्या). बायकांसाठी एक सूचना, कर्नाटकात महिलांना बस फुकट आहे हे ऐकून आनंदी होऊ नका, ती योजना तिथल्या रहिवासी महिलांसाठी आहे, आपलं महाराष्ट्राचं आधार कार्ड दाखवून तिकीट लागणारच, आणि राज्याबाहेर जाणाऱ्या गाडीला तर त्यांनाही लागतं.

कारने पुण्याहून साडेतीनशेच्या आसपास किलोमीटर आहे, सोलापूरपर्यंत हायवे उत्तम आणि पुढेही चौपदरी. सांगली-कोल्हापूरकडच्यांना मिरज-अथणी वरून यायला बरं पडतं, सोलापूरला वळसा घालायची गरज नाही. कारने आलात तरी शहरात आल्यावर गाडी हॉटेलात लावून टाका. गांधी चौकाच्या आसपासच्या गल्ल्या, रिक्षा, हातगाड्या, मोकाट जनावरं, ह्यात गाडी घालायची हौस कुणाला असेल तर तो वेगळा छंद.

राहायचं कुठे, आणि नकाशा डोक्यात कसा बसवायचा

शहर समजून घ्यायला एक सोपी युक्ती. पूर्वेला गोलघुमट, पश्चिमेला इब्राहिम रोजा, दोन्हीत साधारण पाच किलोमीटरचं अंतर, आणि बाकी जवळजवळ सगळं ह्या दोघांच्या मध्ये. मधोमध जुना बालेकिल्ला, ज्याला आर्क किल्ला म्हणतात. सगळ्याला मिळून दहा किलोमीटरच्या आसपास घेराचा तट होता, त्याचे बुरूज अजून जागोजागी दिसतात. रेल्वे स्टेशन गोलघुमटाच्या बाजूला, बसस्टँड आर्क किल्ल्याच्या पश्चिमेला.

त्यामुळे राहायचं ते स्टेशन रोडवर नाहीतर एम. जी. रोडच्या आसपास, म्हणजे रविवारी पहाटे गोलघुमटाला पोचायला दहा मिनिटं. साध्या एसी रूम साधारण दीड ते अडीच हजारात मिळतात. बायपासला नवीन चकचकीत हॉटेलं आहेत पण मग प्रत्येक वेळी रिक्षा, आणि संध्याकाळी उगाच बाहेर फिरून येऊ म्हटलं तर फिरायला काही नाही. रूम घेताना दोनच गोष्टी विचारा, सकाळी लवकर गरम पाणी येतं का, आणि रविवारी चेकआऊटनंतर बॅगा ठेवून घेतील का. दुसऱ्या प्रश्नावर तुमचा अख्खा रविवार अवलंबून आहे.

शनिवार सकाळ: गोलघुमटाकडे ढुंकूनही बघायचं नाही

मला माहितीये, स्टेशनवरून बाहेर पडलात की तोच दिसतो आणि पाय तिकडेच वळतात. पण प्रवासाचा शीण, त्यात नऊ-दहाला पोचाल, म्हणजे नेमका सहलींच्या बसेसचा टाइम. सोडून द्या. अंघोळ, नाश्ता आणि सरळ जुम्मा मशीद.

ही मशीद पहिल्या अली आदिलशहाने बांधायला घेतली. हा तोच ज्याने १५६५ च्या तालीकोटच्या लढाईत विजयनगरविरुद्ध इतर सुलतानांबरोबर हातमिळवणी केली, आणि त्या लढाईनंतर विजापुरात जो पैसा आला त्यातून शहराचा तट, राजवाडे, मशीद अशी बांधकामांची रांगच लागली. आत शिरल्यावर आधी फरशी बघा, एकेका माणसाला नमाजापुरते चौकोन आखलेत, दोन हजारांच्या वर, ते औरंगजेबाच्या काळातले असं सांगतात. समोर सोनेरी मेहराब (नमाजाची दिशा दाखवणारा भिंतीतला कोनाडा) आहे, पुस्तकं, फुलदाण्या, कोनाडे असं काय काय रंगवलेलं. ती वापरातली मशीद आहे, त्यामुळे नमाजाच्या वेळा सोडून जा, पायघोळ कपडे, डोक्यावर ओढणी-रुमाल, आणि आवाज खाली. शुक्रवारी दुपारी तर जाऊच नका.

तिथून चालत मेहतर महाल. नाव महाल, प्रत्यक्षात एका छोट्या मशिदीचा दरवाजा. पण त्याच्या सज्जाखालचे दगडी घोडे म्हणजे आधार मान वर करून बघा, सुताराने लाकूड कोरावं तसा दगड कोरलाय. पाच मिनिटांचं काम, पण बहुतेक लोक समोरून रिक्षाने निघून जातात. पुढे आसार महाल, १६४६ चा, आधी न्यायालय होतं मग पैगंबरांचा केस तिथे ठेवला गेला. आत बायकांना प्रवेश नाही, त्यामुळे बाहेरूनच ते उंच सागवानी खांब आणि समोरचा तलाव बघून पुढे.

मग आर्क किल्ला आणि गगन महाल. हा १५६१ चा दरबार. छत गेलंय, उरल्यात त्या कमानी, आणि मधली कमान एवढी रुंद (साठ फुटांच्या आसपास) की खाली उभं राहिल्यावर समजतं की समोरच्या मैदानातल्या लोकांना बादशहा दिसावा म्हणून सगळी बाजूच उघडी ठेवलीये. शेवटचा आदिलशहा सिकंदर, अगदी तरुण पोरगा, त्याला १६८६ मध्ये चांदीच्या बेड्या घालून औरंगजेबासमोर इथेच आणलं असं सांगितलं जातं. आता तिथे बागेत कॉलेजची पोरं अभ्यास करत बसलेली असतात आणि आजूबाजूला सरकारी कचेऱ्या.

जवळच बारा कमान. दुसऱ्या अली आदिलशहाची अर्धवट कबर. बापाने गोलघुमट बांधला, पोराला त्याहून मोठं काहीतरी हवं होतं, १६७२ मध्ये तो गेला आणि काम तिथेच थांबलं. नुसत्या काळ्या दगडाच्या कमानी, वर आभाळ. प्रतापगड आणि पन्हाळ्याच्या वेळी विजापूरच्या गादीवर होता तो हाच अली, हे बरोबरच्या पोरांना सांगा, त्यांना एकदम कनेक्ट होतं.

जेवण, आणि दुपारची सक्तीची विश्रांती

साडेबाराला बाहेर राहायचं नाही, हिवाळ्यातसुद्धा. खानावळ शोधा, अशी की जिच्या पाटीवर लिंगायत खानावळ लिहिलंय आणि आत रिक्षावाले, वकील, कचेरीतले क्लार्क एका बाकावर जेवतायत. ज्वारीची भाकरी (मऊ आणि कडक दोन्ही मिळते, कडक वाली पापडासारखी मोडते, ती एकदा घ्याच), भरल्या वांग्याची एण्णेगायी, कुठल्यातरी डाळीची उसळ, कच्चा कांदा-मुळा-मेथीची पानं, शेंगाचटणी, कारळ्याची चटणी, वर दही. सोलापूरकरांना हे घरचंच वाटेल, पुण्या-मुंबईच्यांनी चटणीच्या बाबतीत जरा बेताने. भाकरी संपली की वाढपी न विचारता दुसरी टाकतो, पोट भरलं असेल तर साकु म्हणायचं, म्हणजे पुरे. कन्नड एवढंच आलं तरी चालतं, बाकी दुकानात, रिक्षात मराठी कळते आणि दख्खनी हिंदी तर सगळेच बोलतात.

मग तीनपर्यंत झोपा. खरंच. लोक हा वेळ वाया गेला म्हणतात आणि मग चार वाजता इब्राहिम रोज्याच्या पायरीवर चिडचिड करत बसतात.

शनिवार दुपार: पश्चिमेकडे

तीन-सव्वातीनला रिक्षा करा. मीटरची अपेक्षा ठेवू नका, आधीच सांगायचं, उपली बुरुज, तोफ, ताज बावडी, इब्राहिम रोजा, शेवटी अंधार पडायला परत, मध्ये थांबायचं, एकूण किती. दोन-तीन रिक्षांना विचारा म्हणजे भाव कळतो. बसल्यावर घासाघीस करण्यापेक्षा हे बरं.

उपली बुरुज म्हणजे गावाच्या मधेच उभा असलेला ऐंशी फुटी गोल बुरूज, १५८४ चा, बाहेरून गोल फिरत जाणारा जिना. वर दोन लांबलचक तोफा पडल्यात आणि तिथून अख्खं शहर दिसतं. पूर्वेला गोलघुमट, त्याच्याकडे बघून घ्या, उद्या भेटू.

मग तटावरची मुलुखमैदान तोफ. आपण सभा गाजवणाऱ्या वक्त्याला जे म्हणतो ती हीच. १५४९ मध्ये अहमदनगरला निजामशाहीत ओतली, पुढे परांड्याच्या किल्ल्यात होती, आणि १६३२ मध्ये तिथून इथे आणली, पंचावन्न टन वजन धरतात, तेवढं धूड त्या काळात बैल-हत्तींनी भीमा ओलांडून कसं आणलं असेल ह्याचा विचार करत तोंडापाशी जा. तोंड सिंहाचं का मगरीचं ते ठरवा, जबड्यात हत्ती चिरडलेला आहे, त्याचे सुळे वगैरे सगळं कोरलेलं. अंगावर फारसी लेख आहेत, त्यातला एक औरंगजेबाने विजापूर जिंकल्याचा, म्हणजे तोफ दुसऱ्याची आणि सही ह्यांची. इंग्रजांच्या काळात, १८५४ मध्ये, ही दीडशे रुपयांना भंगारात लिलावात गेली होती, नशिबाने सौदा रद्द झाला. उन्हातसुद्धा धातू थंड लागतो असं तिथले लोक सांगतात, हात लावून बघायला हरकत नाही, पण वर चढून फोटो काढू नका, रखवालदार ओरडतो आणि बरोबरच ओरडतो.

ताज बावडी वाटेतच आहे. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाने बेगम ताज सुलतानाच्या नावाने १६२० च्या सुमारास बांधलेली, दारावरची कमान भव्य, खाली पायऱ्या. पाण्याची अवस्था मधल्या काळात वाईट होती, साफसफाई झाली की बरी दिसते, परत काय होतं ते आपल्याला माहीतच आहे. दहा मिनिटं द्या आणि साडेचारला इब्राहिम रोज्याला पोचा.

आता इथे घाई नाही. दोन इमारती समोरासमोर, एका मोठ्या चौथऱ्यावर, मधे हौद. एक कबर, एक मशीद. दुसरा इब्राहिम आदिलशहा (१५८० ते १६२७) हा सगळ्या आदिलशहांत रसिक माणूस, गाणं-बजावणं, चित्रं, स्वतः गीतं लिहायचा आणि त्यात सरस्वती-गणपतीला नमन करायचा, लोक त्याला जगद्गुरू म्हणायचे, आणि फारसीपेक्षा मराठी त्याच्या तोंडात जास्त बसलेली होती असं मुघल वकिलानेच नोंदवून ठेवलंय. कबर बायकोसाठी बांधायला घेतली, शेवटी तोही तिथेच. बांधणारा मलिक संदल, त्याचं नाव तिथे लेखात आहे.

काय बघायचं ते सांगतो, कारण बोर्डावर नीट लिहिलेलं नाही. कबरीच्या भोवतीच्या व्हरांड्यात जा आणि खिडक्यांच्या वर बघा. जाळी आहे, पण नक्षीची जाळी नाही, अरबी अक्षरंच दगडात आरपार कोरून त्यांची जाळी केलीये. बाहेरून बघितलं तर नुसता गुंता वाटतो. आत अंधाऱ्या खोलीत जाऊन उजेडाकडे तोंड करा, मग अक्षरं उजळतात, आणि पाचच्या सुमारास ऊन तिरपं झालं की पश्चिमेची जाळी एक एक करून पेटत जाते. ह्यासाठीच सगळा शनिवार उलटा फिरवला. आत आलाच आहात तर वर बघा, चाळीस फुटी चौकोनी खोलीचं छत सपाट आहे, मधे एक खांब नाही, दगडी फरशा एकमेकींना चुन्याने धरून लटकल्यासारख्या. पुढे मशिदीच्या बाजूला गेलात तर छज्ज्याच्या खाली दगडी साखळ्या लोंबतायत, एकाच दगडातून कड्या सुट्या कोरलेल्या, बऱ्याच तुटल्यात पण काही अजून आहेत.

चपला बाहेर काढायच्या, म्हणून जाड मोजे बॅगेत ठेवा. भारतीयांना तिकीट पन्नास रुपयांच्या आत, पंधरा वर्षांखालच्या मुलांना तिकीट नाही, क्यूआर स्कॅन करून पण भरता येतं पण नेट दगा देतं म्हणून सुटे जवळ असू द्या. बंद व्हायच्या आधी रखवालदार शिट्टी मारत फिरतो तोपर्यंत थांबा.

संध्याकाळी गांधी चौकात मिरची भजी आणि गिरमिट (चुरमुऱ्यांचं चिंच-कांदा घालून केलेलं, भेळेसारखं पण ओलसर), आणि लवकर झोपा.

रविवार: गेट उघडायच्या आधी पाच मिनिटं

गोलघुमट सकाळी लवकर उघडतो. नेमकी वेळ आदल्या दिवशी हॉटेलात विचारून घ्या, आणि गेट उघडायच्या आधी पाच मिनिटं तिथे उभे राहा. पहिला अर्धा तास हा तुमच्या अख्ख्या ट्रिपचा पैसा वसूल आहे, नंतर सहलीच्या बसेस लागल्या की घुमटात एकच कल्लोळ असतो, कुजबुज सोडा, शेजारच्याचं ओरडणं ऐकू येत नाही.

आत शिरलात की आधी वर जायचं, खाली नंतर बघा. चार कोपऱ्यांत सात मजली अष्टकोनी मनोरे आहेत, त्यातून जिना वर जातो, शंभराच्या वर पायऱ्या, अरुंद, काही उंच. गुडघ्याचं दुखणं असेल तर विचार करून चढा, लिफ्ट वगैरे नाही. वर गच्चीवर आल्यावर दम खा, शहर बघा, आणि मग छोट्या दरवाजातून वाकून आत सज्जात जा. रुंदी अकरा फुटांच्या आसपास. कठड्यापासून लांब राहा, भिंतीला कान लावा. तुमच्यातल्या एकाला समोरच्या बाजूला पाठवा, मधलं अंतर आतल्या घुमटाच्या व्यासाएवढं, १२४ फूट. तो भिंतीकडे तोंड करून हळू बोलला, अगदी कानात सांगावं तसं, की तुम्हाला शब्द न् शब्द येतो. कागद फाडून बघा, टाचणी पडल्याचा आवाज म्हणतात ना, तसलं. टाळी वाजवली तर ती सात-आठदा परत येते, कधी जास्त. लहान मुलांना आधीच बजावून ठेवा की एकेकाने, थांबून थांबून. सगळे एकदम ओरडले की नुसता गोंधळ परत मिळतो.

मग खाली या आणि मधे उभं राहून वर बघा, कारण आवाजापेक्षा हे मला मोठं वाटतं. ही मोहम्मद आदिलशहाची कबर, १६५६ मध्ये तो गेला तेव्हा पूर्ण झाली, म्हणजे काही बारीक नक्षी राहूनच गेली. बाहेरून घुमटाचा व्यास १४४ फूट, आणि त्याला मधे एकही खांब नाही. चौकोनी खोलीवर गोल घुमट बसवायचा म्हणजे कोपऱ्यांचं काय करायचं हा प्रश्न असतो. इथे आठ कमानी एकमेकींना छेदत पुढे झुकवल्यात, दोन चौकोन एकमेकांवर तिरके ठेवले की तारा होतो तसा, आणि त्यांनी वर सरकत सरकत कोपरे भरून गोल बैठक तयार केलीये. घुमटाचं ओझं बाहेर ढकलतं आणि ह्या झुकलेल्या भागाचं वजन आत खेचतं, दोघं एकमेकांना धरून आहेत. डोकं मागे टाकून त्या छेदणाऱ्या रेषा मोजायचा प्रयत्न करा, मान दुखेपर्यंत वेळ जातो. बांधणारा याकूत हा दाभोळचा असं सांगतात, म्हणजे कोकणचा आपलाच माणूस म्हणायला हरकत नाही. मधे चौथऱ्यावर लाकडी छताखाली ज्या कबरी दिसतात त्या दिखाव्याच्या, खऱ्या खाली तळघरात.

समोरच्या नगारखान्यात म्युझियम आहे, शिलालेख, शस्त्रं, चित्रं, चिनी मातीची भांडी. ते गोलघुमटापेक्षा उशिरा उघडतं आणि शुक्रवारी बंद असतं. घुमट झाला की बाहेर नाश्ता करून परत या, तासभर पुरतो.

वेळ उरलाच तर

दोन पर्याय, दोन्ही होणार नाहीत. एक जोड गुम्मट, जुळे घुमट, पीराला मानणाऱ्यांची गर्दी असते, वातावरण जिवंत आहे. दुसरा साठ कबर, गावाबाहेर, रिक्षावाल्याला नीट समजावून सांगावं लागतं आणि शेवटचा टप्पा चालत. अफझलखान १६५९ मध्ये शिवाजी महाराजांवर निघण्याआधी, आपण परत येणार नाही असं भविष्य कळल्यावर त्याने साठच्या वर बायकांना मारलं अशी दंतकथा आहे. कथा खरी किती ते सोडा, चौथऱ्यावर एकसारख्या कबरींच्या रांगा मात्र समोर दिसतात. एकट्याने किंवा अंधार पडताना जाऊ नका, सुनसान आहे.

बदामी-ऐहोळे-पट्टदकल जोडायचा मोह टाळा. बदामी सव्वाशे किलोमीटरच्या आसपास आहे, तिथल्या लेण्यांना स्वतःचे दोन दिवस लागतात. वाटेत काही हवंच असेल तर बसवन बागेवाडी, बसवेश्वरांचं जन्मगाव, कारवाल्यांना अर्ध्या दिवसात जमतं. पण मग रविवारचा गोलघुमट सातला संपलाच पाहिजे.

परतीचं

मुंबईची थेट गाडी विजापूरहून संध्याकाळी निघते, सोमवारी पहाटे पोचवते, ऑफिस गाठता येतं. तिकीट वेटिंगवर असेल तर दुपारी दोनच्या आत बसस्टँडवर या, सोलापूरला संध्याकाळपर्यंत पोचाल आणि रात्रीची सिद्धेश्वर एक्सप्रेस किंवा पुण्याची कुठलीही गाडी मिळते. रविवारी संध्याकाळी बसगाड्या खच्चून भरतात, उभं राहून शंभर किलोमीटर जड जातं, म्हणून मधल्या थांब्यावरून नाही, स्टँडवरूनच चढा. बेदाणे घ्यायचे असतील तर स्टँडकडे जायच्या आधी बाजारात घ्या, हिरवट लांबट वाले, चाखून. आणि शेंगाचटणी खानावळीतूनच पाव किलो बांधून मागा, विचारलं तर देतात.